एक्स-रेच्या रिपोर्टमधला ‘हायलम’: फुफ्फुसाच्या दाराची ओळख

छातीचा एक्स-रे काढल्यावर हाती येणारा रिपोर्ट बहुधा चार-पाच ओळींचाच असतो, आणि त्यांतली एखादी ओळ अशी असते: ‘राइट हायलम इज प्रॉमिनंट’, किंवा ‘बायलॅटरल हायलर लिम्फॅडिनोपथी’. पूर्वी हा कागद डॉक्टरांच्या टेबलावर उघडत असे. आता तो डॉक्टरांच्या आधी रुग्णाच्या मोबाइलवर येतो. घरातले कोणीतरी तो शब्द इंटरनेटवर शोधते आणि क्षयरोगापासून कर्करोगापर्यंतची यादी समोर येते. डॉक्टरांची वेळ दोन दिवसांनंतरची असेल, तर ते दोन दिवस सगळे घर त्या एका शब्दाभोवती फिरत राहते.

हायलम हे कोणत्याही आजाराचे नाव नाही. ते फुफ्फुसावरच्या एका जागेचे नाव आहे, आणि ही जागा प्रत्येक माणसाच्या दोन्ही फुफ्फुसांवर जन्मापासून असते. ‘हायलर’ हे त्याचे विशेषण, म्हणजे हायलमपाशी असलेले, आणि ‘हायला’ हे अनेकवचन. रिपोर्टमध्ये हा शब्द पत्त्याचे काम करतो: जे काही दिसले ते कुठे दिसले, एवढेच तो सांगतो. काय दिसले, हे त्याच्या पुढचा शब्द सांगतो. वाचताना या दोन शब्दांची फारकत करता आली, तर निम्मी भीती जागच्या जागी ओसरते. मात्र त्यासाठी आधी ती जागा नीट पाहायला हवी.

शेंगेतल्या बीवरचा वण

घेवड्याची एक सुकी बी हातात घेऊन तिची आत वळलेली कड उजेडात पाहावी. कडेच्या साधारण मध्यावर एक लांबट, फिकट, किंचित खोलगट वण दिसतो. बी शेंगेत असताना तिचा बारीकसा देठ याच ठिकाणी जोडलेला होता आणि झाडाकडून येणारे सगळे पोषण त्या देठातूनच तिला मिळत होते. बी पक्व झाल्यावर देठ सुटला आणि त्याची खूण तेवढी राहिली. भिंगातून पाहिले तर वणाच्या एका टोकाशी टाचणीने टोचल्यासारखे छिद्रही दिसते. वनस्पतिशास्त्रात या वणाला हायलम म्हणतात.

मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ अगदी क्षुल्लक वस्तू असा होता. बीला चिकटून राहिलेला कण हा त्याचा मूळ अर्थ असावा, असे प्राचीन रोमन भाषाशास्त्रकार सांगत. ‘काहीच नाही’ या अर्थाचा लॅटिन ‘निहिल’ हा शब्दही नकारदर्शक ‘ने’ आणि हा ‘हायलम’ यांच्या जोडणीतून झाला, असे मानतात. पुढे शरीररचनाशास्त्रज्ञांनी हे नाव इंद्रियांना दिले. मूत्रपिंडाच्या बाबतीत तर साम्य डोळ्यांनाच दिसते, कारण ते बीसारखेच एका बाजूने आत वळलेले असते आणि रक्तवाहिन्या त्या वळणातूनच आत जातात. प्लीहेला हायलम असते, लहानशा लसिका ग्रंथीलाही असते. म्हणून रिपोर्टमध्ये हा शब्द दिसला की तो कोणत्या इंद्रियाच्या संदर्भात आहे, हे आधी पाहावे. छातीच्या एक्स-रेमध्ये तो फुफ्फुसाविषयीच असतो. पोटाच्या सोनोग्राफीत तोच शब्द बहुधा मूत्रपिंडाविषयी असतो.

मराठीत त्यासाठी ‘फुफ्फुसद्वार’ हा शब्द मला चांगला वाटतो, आणि या लेखात पुढे मी तोच वापरणार आहे.

या दारातून काय जाते?

फुफ्फुस छातीत चहूबाजूंनी चिकटवलेले नसते. त्याच्याभोवती एक पातळ, दुपदरी आवरण असते; एक पदर फुफ्फुसावर आणि दुसरा छातीच्या आतल्या भिंतीवर. दोन्हींच्या मध्ये थोडासा द्रव असतो, त्यामुळे श्वासाबरोबर फुफ्फुस त्या पोकळीत सहज सरकते. मग ते शरीराला जोडलेले कुठे असते? हृदयाकडे तोंड करून असलेल्या आतल्या पृष्ठभागावर, मध्यभागाजवळ, एक पाचरीच्या आकाराचा खोलगट भाग असतो. तेथे आवरणाचा पदर फुफ्फुसावरून निघून, सदऱ्याच्या बाहीसारखी एक गुंडाळी करून छातीच्या मध्यभागाकडे वळतो. त्या बाहीतून जे जाते तेच फुफ्फुसाला बाकीच्या शरीराशी जोडते. बाहीच्या खाली आवरणाची एक दुहेरी घडी लोंबते, तेवढी सोडली तर दुसरा जोड नाही.

बहुमजली इमारतीत पाणी, वीज आणि सांडपाणी प्रत्येक घरात वेगवेगळ्या भिंतींतून येत नाही. एका उभ्या पोकळीतून सगळ्या नळ्या आणि तारा एकत्र येतात आणि घरात शिरल्यावर खोल्याखोल्यांत पसरतात. फुफ्फुसद्वाराची रचनाही अशीच असते. हवा नेणारी मुख्य श्वासनलिका येथून आत जाते. हृदयाकडून ऑक्सिजन कमी असलेले रक्त आणणारी फुफ्फुस धमनी आत जाते, आणि ताजे झालेले रक्त हृदयाकडे परत नेणाऱ्या दोन शिरा बाहेर पडतात. येथे एक घोटाळा हमखास होतो: शुद्ध रक्त धमनीत आणि अशुद्ध रक्त शिरेत असे शाळेत शिकल्याचे आपल्याला आठवते, पण फुफ्फुसापाशी ते नेमके उलट असते. धमनी म्हणजे हृदयापासून दूर नेणारी आणि शीर म्हणजे हृदयाकडे आणणारी, ही व्याख्या धरली की घोटाळा उरत नाही.

या मोठ्या नळ्यांबरोबर लहान वाहिन्याही असतात. श्वासनलिकांच्या भिंतींचे पोषण करणाऱ्या बारीक धमन्या, मज्जातंतूंचे जाळे, आणि लसिकावाहिन्या व लसिका ग्रंथी. लसिका म्हणजे ऊतींमधून झिरपणारा पाण्यासारखा द्रव. तो रक्तात परत जाण्याआधी वाटेतल्या लहान ग्रंथींमधून गाळला जातो, आणि त्यातले जंतू व कचरा तेथे अडवला जातो. फुफ्फुसातली बहुतेक लसिका या दारातल्या ग्रंथींमधून पुढे जात असल्यामुळे फुफ्फुसात काही घडले की त्याची खबर सहसा प्रथम येथे लागते. रिपोर्टमध्ये या जागेचे नाव वारंवार येण्याचे हे मोठे कारण आहे.

विश्रांतीच्या वेळी हृदय मिनिटाला साधारण ५ लिटर रक्त फुफ्फुसांकडे ढकलते, आणि ते सगळे या दोन दारांतून आत जाऊन बाहेर येते. उजव्या दारातून त्यातला थोडा अधिक भाग जातो, कारण उजवे फुफ्फुस मोठे आहे.

याच ठिकाणी आणखी एक शब्द भेटतो, ‘रूट ऑफ लंग’, म्हणजे फुफ्फुसाचे मूळ. पुष्कळ ठिकाणी हे दोन्ही शब्द एकाच अर्थाने वापरलेले दिसतात, पण काटेकोर अर्थाने ते वेगळे आहेत. चौकट म्हणजे हायलम, आणि त्या चौकटीतून जाणाऱ्या नळ्यांची जुडी म्हणजे मूळ.

एक्स-रेवर दार कसे दिसते?

छातीचा एक्स-रे उजेडासमोर धरला की मध्ये हृदयाची पांढरी सावली आणि दोन्ही बाजूंना फुफ्फुसांची काळी मैदाने दिसतात. हृदयाच्या वरच्या भागाच्या दोन्ही अंगांना, पांढऱ्या सावलीतून बाहेर फुटलेल्या आणि फांद्यांसारख्या पसरत जाणाऱ्या करड्या रेषांचा एक-एक झुबका असतो. ही फुफ्फुसद्वारांची सावली. ती मुख्यतः रक्तवाहिन्यांची असते. श्वासनलिकेत हवा असल्यामुळे ती काळी दिसते, आणि निरोगी लसिका ग्रंथी इतक्या लहान असतात की साध्या एक्स-रेवर त्या वेगळ्या ओळखू येत नाहीत.

म्हणजे एक्स-रेवर आपण दार पाहत नाही, दारातून जाणाऱ्या रक्ताने भरलेल्या नळ्यांची सावली पाहतो. भिंतीवर पडलेल्या सावलीत दोन हात एकमेकांवर आले, तर ते दोन आहेत की एक जाड हात आहे हे सांगता येत नाही. येथेही पुढची आणि मागची वस्तू एकाच सपाट चित्रात मिसळते. साध्या एक्स-रेची ही मर्यादा लक्षात ठेवली, तर रिपोर्टमधली सावध भाषा खटकणार नाही.

रेडिओलॉजिस्ट, म्हणजे अशा प्रतिमा वाचणारे डॉक्टर, दोन्ही द्वारांची उंची, आकार आणि गडदपणा यांची तुलना करतात. निरोगी द्वाराची बाहेरची कड आत वळलेली असते, आडव्या ‘व्ही’ अक्षरासारखी. ती कड भरून आली किंवा बाहेरच्या बाजूला फुगली, तर काहीतरी जास्तीचे तेथे आहे का, अशी शंका येते. उजव्या बाजूला खाली उतरणाऱ्या धमनीची रुंदीही मोजता येते. प्रौढ पुरुषात ती साधारण १६ मिलिमीटरपर्यंत असते, स्त्रियांत थोडी कमी.

डावे आणि उजवे सारखे दिसत नाही, मग बिघाड आहे का?

नाही, ते सारखे नसणेच योग्य आहे. बहुतेक निरोगी माणसांत डावे फुफ्फुसद्वार उजव्यापेक्षा साधारण १ ते २ सेंटिमीटर वर दिसते. डावी धमनी डाव्या मुख्य श्वासनलिकेवरून कमान करून पलीकडे जाते, म्हणून तिची सावली वर पडते. उजवी धमनी श्वासनलिकेच्या पुढून जाते, म्हणून ती खाली राहते. उजवी मुख्य श्वासनलिका सुमारे अडीच सेंटिमीटर लांबीची, रुंद आणि जास्त उभी असते. डावी जवळजवळ दुप्पट लांब आणि अरुंद असते. लहान मुलांनी गिळायच्या नादात श्वासात ओढलेली वस्तू पुष्कळदा उजवीकडे जाते, त्याचे कारण हेच.

म्हणून ‘डावे द्वार वर आहे’ हे वाक्य सामान्य स्थितीचे वर्णन आहे. उलट, उजवे द्वार डाव्याच्या वर गेलेले दिसले तर डॉक्टर थांबून पाहतात. उजव्या फुफ्फुसाचा वरचा भाग जुन्या क्षयरोगाच्या व्रणांमुळे आकसला असेल, तर तो द्वाराला आपल्याबरोबर वर ओढून नेतो. अशा वेळी बिघाड दारात नसून वरच्या भागात असतो. सरकलेले दार फक्त ओढ कोणत्या दिशेने आहे ते दाखवते.

‘प्रॉमिनंट’ लिहिले आहे, म्हणजे काहीतरी असणारच ना?

हा प्रश्न रास्त आहे, आणि त्याचे प्रामाणिक उत्तर असे की काही वेळा असते आणि पुष्कळदा नसते. ‘प्रॉमिनंट’ म्हणजे ठळक. सावली नेहमीपेक्षा ठळक आहे, एवढे निरीक्षण त्यात आहे, निदान नाही.

सावली ठळक दिसण्याची पहिली कारणे एक्स-रे काढण्याच्या पद्धतीतच असतात. माणूस किंचित तिरका उभा राहिला, तर एका बाजूचे द्वार हृदयामागून जास्त बाहेर येते आणि दुसरे झाकले जाते. गळ्याखालच्या दोन्ही हाडांची आतली टोके पाठीच्या कण्याच्या मध्यरेषेपासून सारख्या अंतरावर आहेत का, हे तपासले की तिरकेपणा कळतो. श्वास पुरेसा आत घेतला नसेल, तर फुफ्फुसे कमी फुगतात, रक्तवाहिन्या दाटीने एकत्र येतात आणि दोन्ही द्वारे भरलेली दिसतात. अंथरुणाला खिळलेल्या रुग्णाचा एक्स-रे झोपूनच काढावा लागतो, तेव्हाही हे घडते. ‘एक्स-रे पुन्हा काढा’ असे सांगितले जाते, त्यामागे अनेकदा एवढेच कारण असते.

ही कारणे बाजूला ठेवूनही सावली मोठी असेल, तर डॉक्टरांपुढे एक साधी विभागणी असते: वाहिनी मोठी झाली आहे, की ग्रंथी? फुफ्फुसाच्या धमन्यांमधला दाब वाढला की धमन्या रुंदावतात आणि दोन्ही द्वारे गुळगुळीत कडांनी फुगलेली दिसतात. ग्रंथी सुजल्या असतील, तर कड उंच-सखल, गोटे मांडल्यासारखी दिसते. अमेरिकी रेडिओलॉजिस्ट बेंजामिन फेल्सन यांनी विसाव्या शतकात सावल्या वाचण्याच्या ज्या खुणा रूढ केल्या, त्यांत या जागेविषयीही खुणा आहेत. द्वारातल्या वाहिन्या एखाद्या गोळ्याच्या कडेपाशी येऊन तेथेच संपताना दिसल्या, तर तो गोळा फुगलेली धमनीच असण्याची शक्यता जास्त. वाहिन्या कडेच्या आत शिरून पुढेही दिसत राहिल्या, तर तो गोळा त्यांच्या पुढे किंवा मागे असलेली वेगळी वस्तू आहे. केवळ सावल्यांच्या मांडणीवरून पुढचे-मागचे ओळखण्याची ही युक्ती मला आजही थक्क करते.

‘गाठ’ हा शब्द आणि त्याने होणारा घोळ

‘हायलर लिम्फॅडिनोपथी’ याचा सरळ अर्थ फुफ्फुसद्वारातल्या लसिका ग्रंथी वाढलेल्या आहेत, असा होतो. पण हे मराठीत सांगताना ‘छातीत गाठी आहेत’ असे सांगितले जाते, आणि घोळ तेथूनच सुरू होतो. आपण कर्करोगाच्या गोळ्यालाही गाठ म्हणतो, त्वचेखालच्या चरबीच्या गोळीलाही गाठ म्हणतो, आणि घसा दुखला की मानेत हाताला लागणाऱ्या सुजलेल्या ग्रंथीलाही गाठच म्हणतो. ऐकणारा त्यातला सर्वांत भयंकर अर्थ उचलतो. ‘ग्रंथी सुजली आहे’ असे म्हटले तर तेच वाक्य किती वेगळे ऐकू येते! रुग्णाशी बोलणाऱ्या प्रत्येकाने हा फरक पाळावा, अशी माझी मनापासून विनंती आहे.

घसा दुखला की मानेतली ग्रंथी का सुजते, हे आपल्याला अनुभवाने माहीत असते: ती जंतूंना अडवत असते. फुफ्फुसद्वारातली ग्रंथीही तेच करते, पण तेथे हात पोहोचत नाही, म्हणून ती फक्त चित्रात दिसते. कारणे अनेक आहेत. क्षयरोगाची पहिली लागण, विशेषतः लहान मुलांत, बहुधा एकाच बाजूच्या ग्रंथी वाढवते. सारकॉइडोसिस नावाच्या आजारात शरीराची प्रतिकारयंत्रणा ठिकठिकाणी पेशींचे बारीक पुंजके तयार करते. त्यात दोन्ही द्वारांतल्या ग्रंथी सारख्या प्रमाणात वाढतात आणि बरोबर श्वासनलिकेच्या उजव्या बाजूच्या ग्रंथीही वाढलेल्या असतात. या आजाराचे एक रूप ताप, सांधेदुखी आणि पायांवरच्या लालसर दुखऱ्या चट्ट्यांनी सुरू होते आणि बहुतेकांत आपोआप बरे होते. दगड फोडण्याच्या किंवा खाणीच्या कामात वर्षानुवर्षे सिलिकाची धूळ श्वासातून गेलेल्यांत ग्रंथींच्या कडेला अंड्याच्या कवचासारखा चुन्याचा पातळ थर जमू शकतो. लिम्फोमा हा लसिका ग्रंथींचा कर्करोग आणि फुफ्फुसाचा कर्करोग ही कारणेही यादीत आहेतच, ती लपवून उपयोग नाही. एका बाजूची वाढ, दीर्घकाळचे धूम्रपान, घटणारे वजन किंवा थुंकीतून रक्त या गोष्टी एकत्र आल्या, तर तपासणी लांबवू नये.

मग एका तपासणीत खात्रीने का सांगत नाहीत?

कारण सावलीवरून कारण ठरवता येत नाही. पहिली आणि सर्वांत स्वस्त मदत जुन्या एक्स-रेची असते. पाच वर्षांपूर्वीच्या चित्रातही द्वार तेवढेच ठळक असेल, तर ती त्या माणसाची नेहमीची ठेवण असण्याचा संभव मोठा. जुने एक्स-रे जपून ठेवा असे डॉक्टर सांगतात ते यासाठी. पुढची पायरी सीटी स्कॅनची. त्यात शिरेतून औषध देऊन रक्तवाहिन्या उजळवल्या जातात, त्यामुळे वाहिनी कोणती आणि ग्रंथी कोणती हे वेगळे दिसते. ग्रंथीची आखूड बाजू साधारण १० मिलिमीटरपेक्षा मोठी असेल, तर ती वाढलेली मानतात. ग्रंथी वाढल्याचे दिसल्यावरही ती का वाढली हे पेशी पाहिल्याशिवाय नक्की होत नाही. त्यासाठी श्वासनलिकेत दुर्बीण घालून, तिच्या टोकावरच्या सोनोग्राफीच्या साहाय्याने सुईने ग्रंथीचा नमुना घेता येतो. छाती उघडावी लागत नाही.

जवळचे आणि सारखे ऐकू येणारे शब्द

‘पेरिहायलर’ म्हणजे द्वाराच्या आसपासचे. ‘मीडियास्टायनल’ म्हणजे दोन्ही फुफ्फुसांच्या मधल्या जागेतले, जेथे हृदय, अन्ननलिका आणि मुख्य श्वासनलिका असतात. ‘हायलस’ हे हायलमचेच दुसरे रूप आहे आणि जुन्या पुस्तकांत पुष्कळ आढळते; आंतरराष्ट्रीय परिभाषेत आता हायलम हे रूप मान्य आहे. ‘हायलाइन’ मात्र पूर्णपणे निराळा शब्द आहे. तो काचेसाठी असलेल्या ग्रीक शब्दावरून आला आणि त्याचा अर्थ काचेसारखे पारभासक असा होतो. अपुऱ्या दिवसांच्या बाळांच्या श्वसनाच्या आजारात तो भेटतो, आणि देवनागरीत लिहिल्यावर दोन्ही शब्द इतके सारखे दिसतात की चुकीची माहिती वाचली जाण्याचा धोका खरा आहे.

हायलर आणि मीडियास्टायनल यांतला फरक काही सेंटिमीटरचा असतो, पण फुफ्फुसाच्या कर्करोगात त्यावर उपचार ठरतात. कर्करोगाच्या पेशी त्याच बाजूच्या द्वारातल्या ग्रंथींपर्यंतच गेल्या असतील, तर त्याला ‘एन-१’ म्हणतात. त्याच बाजूच्या मधल्या जागेतल्या ग्रंथींपर्यंत गेल्या असतील तर ‘एन-२’. आणि विरुद्ध बाजूच्या ग्रंथींपर्यंत गेल्या असतील तर ‘एन-३’. पहिल्या स्थितीत शस्त्रक्रियेचा विचार बहुधा होतो, तिसऱ्यात सहसा होत नाही.

शल्यचिकित्सकाच्या हाताखालचे दार

सगळे जोड एकाच ठिकाणी आहेत, याचा अर्थ ती जागा हाती आली की संपूर्ण फुफ्फुस हाती येते. ५ एप्रिल १९३३ रोजी अमेरिकेतील सेंट लुइस येथे एव्हर्ट्स ग्रॅहम यांनी कर्करोग झालेले एक डावे फुफ्फुस पूर्ण काढले, तेव्हा त्यांनी द्वारातल्या सगळ्या नळ्या एकत्रच बांधल्या. पुढे प्रत्येक नळी वेगळी सोडवून वेगळी बांधण्याची सुरक्षित पद्धत रूढ झाली. तो रुग्ण स्वतः डॉक्टर होता आणि एका फुफ्फुसावर जवळजवळ तीस वर्षे जगला. ग्रॅहम अनेक वर्षे सिगारेट ओढत होते; धूम्रपान आणि फुफ्फुसाचा कर्करोग यांचा संबंध दाखवणारा १९५० चा गाजलेला अभ्यास त्यांनी अर्न्स्ट विंडर यांच्याबरोबर केला, आणि १९५७ मध्ये त्याच कर्करोगाने त्यांचा मृत्यू झाला. त्यांचा रुग्ण तेव्हा हयात होता.

फुफ्फुस प्रत्यारोपणातही काम याच जागेवर होते. श्वासनलिका श्वासनलिकेला आणि धमनी धमनीला जोडतात. दोन शिरा वेगवेगळ्या जोडण्याऐवजी त्यांच्या मुळाशी असलेला हृदयाच्या डाव्या कप्प्याचा तुकडा एकत्र शिवतात. मानवी फुफ्फुसाचे पहिले प्रत्यारोपण १९६३ मध्ये जेम्स हार्डी यांनी केले, पण रुग्ण १८ दिवसच जगला. दीर्घकाळ यश मिळालेले पहिले प्रत्यारोपण १९८३ मध्ये टोरंटोत जोएल कूपर यांनी केले. त्या दारातले मज्जातंतू मात्र जोडता येत नाहीत. त्यामुळे नव्या फुफ्फुसात कफ साचला तरी जोडाच्या खालून खोकल्याची उबळ येत नाही, आणि कफ अडकून जंतुसंसर्ग होऊ नये म्हणून अशा रुग्णांना उबळ आलेली नसतानाही मुद्दाम खोकून छाती मोकळी करायला शिकवावे लागते.